ओढ्यापलीकडची मावशी

माझी मावशी आमच्या घरापासून हाकेच्या अंतरावर राहायची. फक्त हाक मारायला बंदी होती.

आमचं गाव सार्पी, जॉर्जियाच्या टोकाला. एका अंगाला काळा समुद्र, दुसऱ्या अंगाला सरळ उभा डोंगर, आणि डोंगरातून समुद्राकडे उतरणारा एक ओढा. उन्हाळ्यात त्याला गुडघाभरही पाणी नसायचं. माझ्या जन्माच्या कितीतरी आधी हा ओढा म्हणजे सोव्हिएत देशाची आणि तुर्कस्तानची हद्द, असं कोणीतरी कुठेतरी ठरवलं. अलीकडे आम्ही, पलीकडे ते. दोन्हीकडे लाझ जमातीचीच माणसं, बोली एक, आडनावंही तीच. सुरुवातीला कागद दाखवून ये-जा करता यायची. त्याच काळात आईची धाकटी बहीण नाफिये पलीकडच्या दुर्सुनला दिली. आई सांगायची, नवरी इतक्या जवळ चालली होती की निरोपाला कोणी रडलंच नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी तर ती साकवावरून विरजण मागायला परत आली होती, आणि आजी तिला म्हणाली होती, "अगं, निदान आठवडाभर तरी दम धर, लोक काय म्हणतील."

मग साकव तोडला. काटेरी तार लागली, तारेच्या वर मनोरा उभा राहिला, मनोऱ्यावर बंदूकवाला. मावशी पलीकडे राहिली ती राहिलीच.

मला कळायला लागलं तेव्हा नियम सगळ्यांच्या अंगवळणी पडलेले होते. पलीकडे बोट दाखवायचं नाही. ओढ्याकडे तोंड करून उभं राहायचं नाही. त्या बाजूच्या खिडक्यांना फळ्या ठोकायच्या. समुद्रकाठची वाळू सैनिक रोज दाताळ्यानं विंचरून ठेवायचे, म्हणजे कोणाचं पाऊल उमटलं तर दिसावं. जवळच्या बाटुमी शहराहून सख्खा काका भेटायला यायचा म्हटला तरी आधी पोलिसांचा कागद लागे. माझ्या बाबांचा, युनूसचा, सगळा जन्म जाळं विणण्यात गेलेला, पण होड्या कुलपात गेल्यापासून ते संत्र्यांच्या बागेत खुरपणी करायचे. समुद्र समोर होता आणि ते त्याच्याकडे पाठ करून बसायचे.

बघायची सोय एकच होती, चहाचा मळा. आमच्या चहाच्या ओळी ओढ्याच्या बाजूच्या उतारावर होत्या. मला आठवतं, मी पहिल्यांदा आईबरोबर पानं खुडायला गेले तेव्हा तिनं खुडायला नंतर शिकवलं, आधी बघायला शिकवलं.

"मान हलवू नकोस. नुसते डोळे हलव. दिसली?"

"कोण?"

"पिवळा रुमाल. मक्यात वाकलीय बघ. एका बाजूला जरा कलून चालते. ती तुझी मावशी."

"ती मला ओळखते?"

"ओळखते तर. तू झालीस तेव्हा मीच तिला सांगितलं."

सांगितलं म्हणजे गाऊन. काम करताना गायला बंदी नव्हती. उलट मळ्यात बायका गातात म्हणून आमच्या गावाचं वर्तमानपत्रात कौतुक छापून आलं होतं. मनोऱ्यावरचे सैनिक दूरदूरच्या मुलखातले, त्यांना आमची लाझ बोली म्हणजे पाखरांची किलबिल. तेव्हा दोन ओळी जुन्या गाण्यातल्या घ्यायच्या, चहाचं पान कोवळं, चहाचं पान हिरवं, आणि तिसऱ्या ओळीत घालायचं: झेकियेला मुलगी झाली, नाव तामिला ठेवलं. मग पलीकडच्या मक्यातून तेवढाच लांब सूर यायचा: मका आला कमरेला, सासू पडली अंथरुणाला. कोणाला मूल झालं, कोण आजारी, कोणाचं लग्न, सगळं असं जायचं-यायचं. भांडणंसुद्धा. एकदा मावशीनं सबंध दुपार गाऊन तक्रार केली होती की आजीची तांब्याची कढई तिला द्यायची ठरली होती आणि ती आईनं ठेवून घेतली. आमच्या ओळीतल्या बायका तोंडात रुमाल कोंबून हसत होत्या. आई लाल झाली, पण सूर न सोडता तिनं उत्तर दिलं की कढईला भोक पडलंय, हवी तर ये आणि घेऊन जा.

"ये आणि घेऊन जा" म्हटल्यावर दोन्हीकडे गाणं थांबलं. त्या दिवशी परत कोणी गायलं नाही.

मावशीला मूल झालं नाही. तिचं सगळं लक्ष आमच्या अंगणात. माझ्या भावाला, गुरामला, पहिल्यांदा पाऊल टाकता आलं ते आम्हाला कळायच्या आधी तिनं पाहिलं आणि गाण्यात घातलं, असं आई सांगायची. मला मात्र मावशी म्हणजे चालण्यातला तो कल, पिवळा रुमाल आणि आवाज, एवढीच माहीत होती. तिचा चेहरा कसा आहे ते मला माहीत नव्हतं. तिकडून इकडे चेहरा दिसत नाही.

मी दहा वर्षांची होते तेव्हा, हम्सी माशांच्या हंगामात, दुर्सुनकाकाची होडी उलटली. होडी किनाऱ्याला लागली, काका लागला नाही. हे आम्हाला मावशीच्याच तोंडून कळलं. सकाळी दाट धुकं होतं आणि धुक्यातून तिचा आवाज आला. ते नेहमीचं गाणं नव्हतं. आमच्याकडे मेलेल्या माणसाला बायका सुरात रडतात, त्याचं सगळं आयुष्य सांगत, त्याला नावं ठेवत, त्याला परत बोलावत. जवळच्या बाईनं शेजारी बसून प्रत्येक कडव्याला साथ द्यायची असते. एकटीनं रडणं म्हणजे फार वाईट मानतात.

दुर्सुन, तुझे बूट दारात आहेत, असं मावशी म्हणत होती. चूल पेटलीय, माझ्याजवळ कोणी बसलं नाही. झेकिये, माझ्याजवळ कोणी बसलं नाही.

आईनं पाठीवरची टोपली उतरवली. शेजारची बाई कुजबुजली, "झेकिये, नको. आदल्या वर्षीचं विसरलीस का?" आदल्या वर्षी गावातली दोन घरं ट्रकात घालून कुठे नेली होती, ते आम्हाला अजून कळलं नव्हतं. आईनं ऐकलं की नाही कोणास ठाऊक. ती ओढ्याकडे तोंड करून उभी राहिली, उघड, सरळ, आणि तिनं साथ दिली. बसले गं, म्हणाली. तुझ्या उजव्या हाताला बसले. डोकं टेक. त्या दोघी किती वेळ रडत होत्या ते सांगता येत नाही. धुकं विरलं तरी चाललंच होतं. शेवटी मनोऱ्यावरून शिट्टी वाजली.

दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर मी मळ्यात गेले, तर कॅप्टन स्वतः आलेला. रशियन होता, उंच, गालावर देवीचे वण. त्याच्याबरोबर आमचा मुकादम शुक्री. शुक्री आमच्याच गावचा, लाझ, पण सगळे त्याला वचकून असायचे. सैनिकांच्या कचेरीत रोज जायचा, तिथे काय बोलायचा कोणाला माहीत नव्हतं. तो दिसला की बायका गप्प व्हायच्या.

आईला रशियन येत नव्हतं. मला शाळेमुळे येत होतं. म्हणून त्या दिवशीचं दोन्ही बाजूंचं बोलणं शुक्रीखेरीज कळलेली मी एकटीच.

"विचार तिला," कॅप्टन म्हणाला, "काल ती कोणासाठी रडत होती. आणि तिकडे तोंड करून का."

शुक्री आईकडे वळला आणि आमच्या बोलीत, रागानं बोलावं तशा आवाजात म्हणाला, "वहिनी, मान खाली घाला आणि काहीतरी बोला. काहीही बोला. रडलात तर बरंच."

आई म्हणाली, "माझ्या बहिणीचं कपाळ फुटलं आणि हा मला विचारतो का रडली."

शुक्री कॅप्टनला म्हणाला, "गाय मेली म्हणते."

"गाय?"

"घरची गाय, कॉम्रेड कॅप्टन. एकच होती."

"गायीसाठी एवढं? मनोऱ्यावरचा पोरगा म्हणतो, त्याच्या अंगावर काटा आला."

"दुभती होती," शुक्री म्हणाला. "बायकांना काय, अशा गायीसाठी नवऱ्यापेक्षा जास्त रडतात."

कॅप्टनला हसू आलं असावं, पण ते त्यानं ओठांवर येऊ दिलं नाही. त्यानं आजूबाजूला पाहिलं आणि त्याची नजर माझ्यावर थांबली. तो माझ्यापुढे उकिडवा बसला. त्याच्या कोटाला ओल्या लोकरीचा वास येत होता.

"तू शाळेत जातेस ना? खोटं बोलायचं नाही असं शिकवतात ना तिथे?"

"हो."

"मग सांग, तुमची गाय मेली का?"

शुक्री माझ्याकडे बघत नव्हता. आईला काही कळत नव्हतं, ती नुसती माझा चेहरा वाचत होती. मी म्हटलं, "हो. करागोझ नाव होतं तिचं." आणि मला खरंच रडू आलं, कारण करागोझ माझी लाडकी होती आणि तिला मेलेली म्हटल्यावर मला ती मेल्यासारखीच वाटली.

कॅप्टननं माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि तो उठून गेला. आम्हाला वाटलं, सुटलो.

संध्याकाळी शुक्री घरी आला. तो आमच्या घरी कधी यायचा नाही. उंबऱ्यातच उभा राहून म्हणाला, "त्यानं वर कळवलं. हद्दीवर जनावर मेलं तर कळवावंच लागतं, रोगराई तिकडून येते म्हणे. बाटुमीहून जनावरांचा डॉक्टर येणार आहे."

बाबा म्हणाले, "मग?"

"मग काय. गाय मेली पाहिजे."

बाबांना आधी कळलंच नाही. कळल्यावर ते म्हणाले, "शुक्री, ती गोठ्यात रवंथ करतेय. डोंगरापलीकडे माझ्या चुलत्याकडे नेऊन बांधतो."

"न्यायला कागद लागेल. मेलेल्या गायीचा कागद कोण देईल? युनूस, मी माझी मान दिलीय. तुझ्या पोरीनंही दिलीय. आता गाय काय मोठी लागून गेली."

"तुला दुसरं काही सुचलं नाही?"

"कोंबडी म्हणणार होतो," शुक्री म्हणाला. "पण कोंबडीसाठी एवढं कोण रडतं?"

आई चुलीपाशी बसली होती. ती हसली. बहिणीवर आभाळ कोसळल्यावर ती हसली म्हणून बाबा तिच्याकडे बघतच राहिले, आणि मग ते हसणं रडण्यात कसं गेलं ते आम्हाला कळलं नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी मुसळधार पाऊस होता, मनोऱ्यावरून दोन हातांपलीकडचं दिसत नव्हतं. आईनं करागोझची धार काढली, मला आणि गुरामला कोमट दूध दिलं, आणि आम्हाला शेजारी पाठवलं. बाबांनी आणि शुक्रीनं गोठ्यामागे काम उरकलं. मांसाचा एक तुकडासुद्धा ठेवता आला नाही, कारण रोगानं मेलेली गाय कोणी खात नाही आणि शिजवल्याचा वास लपत नाही. सगळी पुरली, वर चुना टाकला. डॉक्टर आला तो म्हातारा होता, पायाला संधिवात. त्यानं लांबूनच उंचवटा पाहिला, आमच्याकडे मक्याची भाकरी आणि घेवडा जेवला, आईच्या हाताची तारीफ केली आणि गेला. त्या हिवाळ्यात आम्ही दूध पाहिलं नाही.

शुक्रीनं जाताना आईला एकच सांगितलं होतं. "वहिनी, आता गाऊ नका. दुसरी गाय नाहीये."

आई गायची थांबली. पलीकडून मावशी गात राहिली. आधी वेडंवाकडं बोलून घ्यायची, मग नुसतं विचारायची: चहाचं पान कोवळं, झेकिये, तू बोलत नाहीस. चहाचं पान हिरवं, झेकिये, मी काय केलं. आई मान खाली घालून खुडत राहायची. तिचे ओठ हलायचे, आवाज नाही. दिवसातून एकदा ती पाठ दुखल्यासारखी सरळ उभी राहायची, कमरेवर हात ठेवून, आणि पलीकडे पिवळा रुमालही सरळ व्हायचा. मी आईला विचारलं होतं, तू तिला काहीतरी खूण का करत नाहीस. ती म्हणाली, "मी उभी राहते ना. उभी आहे एवढं तिला कळलं तरी पुष्कळ."

वर्षं गेली. मॉस्कोतला तो मोठा माणूस मेला, मनोऱ्यावरची पोरं जरा सैल झाली, नेलेल्या दोन घरांपैकी एक परत आलं. माझ्या लग्नात आईनं पहिल्यांदा परत तोंड उघडलं. अंगणात सगळ्या बायका गात होत्या, त्यात तिनं तीन-चार ओळी घातल्या, घाईघाईनं, चोरट्यासारख्या. पलीकडून उत्तर यायला वेळ लागला. आलं तेव्हा मावशीचा आवाज म्हातारा झाला होता. आई म्हणाली, "हा आवाज तिचा नाही. हा आमच्या आईचा आवाज आहे." मग ती स्वयंपाकघरात जाऊन बसली.

मी शिक्षिका झाले. बाटुमीला शिकले, गावच्याच शाळेत लागले. शाळेत जॉर्जियन, कचेरीत रशियन, घरात लाझ, आणि तीही हळूहळू भाकरी वाढ, दार लाव, एवढ्यापुरती. गायला मी कधी शिकले नाही. माझ्या वयाच्या कोणालाच येत नव्हतं. ते म्हाताऱ्या बायकांचं काम, असं आम्हाला वाटायचं.

आई गेली ती फेब्रुवारीत. थंडी छातीत बसल्याचं निमित्त झालं. शेवटच्या दिवसांत ती सारखी खिडकीकडे बघायची, आणि खिडकीला तर फळ्या होत्या. गुराम तिबिलिसीहून आला, त्यानं खिळे उपटायला घेतले. बाबांनी त्याचा हात धरला आणि मग सोडला. एक फळी निघाली. तेवढ्या फटीतून पलीकडचं कौल दिसत होतं आणि धूर. आई म्हणाली, "ओली लाकडं जाळतेय. सांगून सांगून थकले." नंतर ती फारसं बोलली नाही.

कबरस्तान उतारावर आहे, पलीकडून दिसतं. पुरुषांनी माती लोटली. बायका आपसात रडल्या, पण हळू, रुमालात. सगळं झाल्यावर कोणीच हलेना. शुक्री तेव्हा पाठीतून वाकलेला, काठी टेकत आला होता. तो म्हणाला, "तिकडे कोण सांगणार?"

 आईच्या वयाच्या बायकांपैकी दोघी उरल्या होत्या आणि दोघींना धाप लागायची. बाकीच्या जमिनीकडे बघत होत्या. तारेपाशी दोन सैनिक आणि एक तरुण अधिकारी उभे होते, गर्दी जमली की ते येतच. ओढ्याच्या त्या बाजूला पिवळा रुमाल अंगणात काहीतरी वेचत होता. तिनं गर्दी पाहिली असणार. कोणाची, ते तिला माहीत नव्हतं. किंवा माहीत होतं आणि ती वाट बघत होती.

"तामिला," शुक्री म्हणाला, "तू शिकलेली. तुला जास्त धोका, मला कळतं. मी सांग म्हणत नाही. मी फक्त विचारतोय, कोण सांगणार."

मी ओढ्याकडे तोंड करून उभी राहिले. मला चाल येत नव्हती. आईची ती धुक्यातली सकाळ आठवली आणि तिथून जो सूर सापडला तो धरला. शब्द मध्येच अडले. लाझ शब्द आठवला नाही तिथे जॉर्जियन घातला. नाफिये मावशी, म्हटलं, मी तामिला. चहाचं पान मी विसरले, सूर मला येत नाही. तुझी झेकिये गेली. तुझ्याकडे बघत गेली. तू ओली लाकडं जाळतेस म्हणाली. माझा आवाज फाटत होता. मागे कोणीतरी हुंदका दिला, मग बायकांनी एकेक करून साथ धरली.

पलीकडची बाई अंगणात खाली बसली.  मग तिचा आवाज आला, आणि तो रडण्याचा नव्हता. ती मला चाल सांगत होती. एक ओळ म्हणायची आणि थांबायची, पुन्हा तीच म्हणायची, मी उचलेपर्यंत. इतक्या लांबून ती मला माझ्या आईसाठी रडायला शिकवत होती.

तरुण अधिकाऱ्यानं शुक्रीला विचारलं, "काय म्हणतेय ती?"

"आईसाठी रडतेय," शुक्री म्हणाला.

"आवरा लवकर," अधिकारी म्हणाला आणि त्यानं सिगारेट पेटवली.

मला आवरता आलं नाही. पुढच्या आठवड्यात शाळेच्या कचेरीत बोलावणं आलं. वर्ग काढून घेतला. दोन हंगाम मी चहा खुडला, त्याच ओळीत. मुख्याध्यापिका भली होती, तिनं नंतर मला ग्रंथालयात बसवलं आणि मग, कोणी विचारेनासं झाल्यावर, परत वर्गात घेतलं. त्या दोन हंगामांत मावशीनं मला पुष्कळ शिकवलं. मी तिसऱ्या ओळीत बातम्या घालायला शिकले.

हद्दीचं फाटक उघडलं ते काही वर्षांनी, ऑगस्टच्या शेवटी. ओढ्यावर पूल झाला होता, दोन्ही बाजूंनी झेंडे, वाजंत्री, भाषणं. आम्हा गावकऱ्यांना पलीकडे जायचे कागद लगेच मिळाले नाहीत, पण तिकडच्या काही म्हाताऱ्यांना आठवड्यासाठी इकडे सोडलं. लोक आपल्या आजा-पणजांची नावं ओरडत गर्दीत शिरत होते. आयुष्यभर हळू बोलायची सवय, त्यामुळे ओरडणंही धड जमत नव्हतं.

मी कलून चालणारी बाई शोधत होते. ती दिसली. काठीवाली, बुटकी, आज रुमाल पांढरा. मला वाटलेलं त्यापेक्षा कितीतरी लहान. ती सरळ माझ्याकडे आली, चालीवरूनच ओळखलं असणार, आणि आम्ही दोघी एकमेकींच्या चेहऱ्याकडे बघत उभ्या राहिलो. मी आईचा चेहरा शोधत होते. तिथे नव्हता. नाक वेगळं, हनुवटी वेगळी, डोळे घारे. तीही माझ्या तोंडावर हात फिरवत काहीतरी शोधत होती. शेवटी म्हणाली, "तू युनूसवर गेलीस."

"हो. सगळे तेच म्हणतात."

"कपाळसुद्धा त्याचंच," ती म्हणाली, आणि मला जवळ घेतलं. तिच्या अंगाला धुराचा वास होता.

आठवडाभर ती प्रश्न विचारत होती. मोठे प्रश्न नव्हते. झेकिये झोपेत बोलायची का? चिडली की भांडी आपटायची का गप्प बसायची? म्हातारपणी जाड झाली होती, की मला लांबून तसं दिसायचं? तिचे हात कसे होते? मी सांगितलं, बोटांच्या टोकांना चहाचा काळा रंग चढलेला, कशानं जायचा नाही. मावशीनं स्वतःची बोटं पुढे केली. तिकडेही आता चहाच लावतात. गाणं का थांबलं तेही तिनं विचारलं, आणि मी गायीसकट सगळं सांगितलं. तशी ती म्हणाली, "मला वाटलं, कढईवरून."

ती हे थट्टेनं म्हणत नव्हती. इतकी वर्षं ती तेच धरून बसली होती.

कबरीवर मी तिला तिसऱ्या दिवशी नेलं. मला वाटलं ती गाईल, रडेल, निदान मोठ्यानं हाक तरी मारेल. गावातल्या काही बायकाही त्यासाठी मागोमाग आल्या होत्या, साथ द्यायला. मावशी कबरीशेजारी उजव्या हाताला बसली, पाय पसरले, गुडघा चोळला आणि बोलायला लागली. गाण्यात नाही. साधं, बारीक आवाजात, शेजारच्या उशीवरच्या माणसाशी बोलावं तसं. सासूनं मरताना काय म्हटलं, दुर्सुनच्या भावानं जमिनीचा कोपरा कसा बळकावला, नव्या डॉक्टरच्या गोळ्यांनी तोंड कसं कडू होतं. आयुष्यभर जे काही बहिणीला सांगायचं ते तिनं ओढ्यावरून फेकून सांगितलं होतं, बंदूकवाल्यासकट सगळ्या गावाला ऐकू जाईल असं. हळू सांगायच्या गोष्टी तिच्यापाशी तशाच पडून होत्या.

बायका थोडा वेळ थांबल्या आणि एकेक करून निघून गेल्या. मीही कबरींच्या चार ओळी खाली जाऊन बसले, ऐकू येऊ नये म्हणून. खाली पुलावर माणसांची रांग होती. जेवणाची वेळ टळून गेली. मी वर जाऊन म्हटलं, "मावशी, ऊन चढलंय. चल, दोन घास खाऊन घे."

तिनं माझा हात धरून उठायचा प्रयत्न केला, अर्धी उठली आणि परत बसली.

"तू हो पुढे," ती म्हणाली. "आम्ही अजून तुझ्या लग्नापर्यंतसुद्धा नाही आलो."